आउट ऑफ रेंज, अर्थात आतून लागलेली कडी

परवा शनिवारी, पहिला चहासुद्धा झाला नव्हता, तेवढ्यात हुपरीहून फोन. मामेभावाचा मुलगा. वय वर्षं बारा, पण आवाज मात्र कस्टमर केअरला झापणाऱ्या गिऱ्हाइकाचा.

"काका, व्हाइस सिटी चालूच हुईना झालाय. सहाशेचाळीस बाय चारशेऐंशी व्हिडिओ मोड सापडत न्हाई म्हणतोय. लॅपटॉप नवा हाय, तरी बी!"

मी आधी हसलो आणि मग जरा गप्प झालो. कारण याच घरात, याच गेमपायी आणि अशाच आकड्यांच्या भानगडीत मामाची दिवाळीआधीची एक अख्खी दुपार माझ्या हातून बुडाली होती. गोष्ट २००४ सालची. आज वीकेंड आहे, निमित्तही आयतंच मिळालंय, तर ती सांगूनच टाकतो. आणि तिच्या आडून थोडा इतिहासही.

हुपरी ज्यांना माहीत नाही त्यांच्यासाठी: कोल्हापूर जिल्हा, हातकणंगले तालुका, आणि चांदी. पैंजण, जोडवी, वाळे, करदोडे. गावात कुठल्याही गल्लीत शिरा, कुणी आटणी करतोय, कुणी तार ओढतोय, आणि उंबऱ्याशी बसून बायका पैंजणांना घुंगरं लावतायत. मामाचं काम मधल्या माणसाचं. कारागिरांना चांदी द्यायची, तयार माल परत घ्यायचा. कुणाला किती ग्रॅम दिली, किती परत आली, घट किती, मजुरी किती, हा सगळा हिशोब चोख ठेवायचा. या धंद्यात वजनातली चूक थेट नात्यात जाते, त्यामुळे मामा हिशोबाला बसला की घरात रेडिओसुद्धा लागायचा नाही.

हा हिशोब त्या वर्षी वहीतून एक्सेलमध्ये आला होता. २००१ मध्ये महाराष्ट्र ज्ञान महामंडळ स्थापन झालं, एमएस-सीआयटी नावाचं प्रकरण गावोगाव पोचलं आणि निम्म्या महाराष्ट्राने माऊस पहिल्यांदा तिथेच हातात धरला. मामेभावानेही तो कोर्स केलेला. कॉम्प्युटर कोल्हापुरातून जोडून आणलेला. विंडोज एक्सपी, आणि १५ इंची, पाठीला हे एवढं कुबड असलेला मॉनिटर.

तर दिवाळीच्या सुट्टीत मी गेलो, जाताना व्हाइस सिटीची सीडी घेऊन गेलो (कुठली, कशी, विचारू नका). मामा दुपारभर नोंदी करून जेवायला उठला. एक्सेल उघडंच होतं. आम्ही ते खाली मिनिमाइझ केलं आणि गेम लावला. चित्र जरा खडबडीत वाटलं म्हणून मी ऑप्शन्समध्ये गेलो. रिझोल्यूशनची यादी लांबलचक होती. सोळा वर्षांच्या मुलाने काय निवडायचं असतं? सगळ्यात मोठा आकडा. १६०० बाय १२००. एंटर.

मॉनिटरमधून 'टक्' असा आवाज आला, पडदा काळा झाला आणि मधोमध एक छोटी चौकट तरंगायला लागली: आउट ऑफ रेंज. गेमचं संगीत मात्र मजेत चालूच होतं!

मामेभाऊ अगदी शांत. "थांब, पंधरा सेकंदात आपोआप परत येतंय. क्लासात शिकवलंय." आम्ही दोघांनी मोठ्याने आकडे मोजले. पंधरा झाले, तीस झाले. काहीच परत आलं नाही. तेवढ्यात मामाचा हात धुतल्याचा आवाज आला, आणि घाबरून मी पॉवरचं बटण दाबून धरलं.

कॉम्प्युटर परत सुरू झाला, एक्सेलची फाइलही उघडली. पण त्यात होत्या त्या सकाळच्याच नोंदी. दुपारच्या गेल्या.

"काय केलास रे हे?" मामा एवढंच म्हणाला. ओरडला नाही, हे जास्त वाईट होतं. कपाटातून त्याने जुनी लाल वही काढली आणि चिठ्ठ्या समोर घेऊन पहिल्यापासून लिहायला बसला. नशीब, चिठ्ठ्या होत्या.

आता मामेभावाचे पंधरा सेकंद. तो चुकीचं काहीच सांगत नव्हता. विंडोजमध्ये डिस्प्ले प्रॉपर्टीजमध्ये जाऊन रिझोल्यूशन बदललं की विंडोज विचारायचं, हे ठेवू का? पंधरा सेकंदांत तुम्ही 'हो' म्हणाला नाहीत, तर मुकाट्याने जुन्यावर परत. यातली अक्कल मला फार उशिरा, स्वतः प्रोग्रॅम लिहायला लागल्यावर कळली. समोरच्या माणसाला चित्र दिसतंय की नाही, हे कॉम्प्युटरला कळायला काही मार्गच नाही. चित्र नसेल तर माणूस 'नाही'चं बटणही दाबू शकणार नाही, कारण ते बटणही चित्रातच आहे! म्हणून गप्प राहणं म्हणजे 'नाही' असं धरायचं. आमच्या गेमने मात्र आमच्या एंटरलाच पक्का होकार धरलं होतं. आणि बदलायचं मेनू तर आत, त्या काळ्या पडद्यामागे. लहान मूल खोलीत शिरून आतून कडी लावून घेतं आणि मग त्याला ती काढता येत नाही, तसलाच प्रकार. बाहेरून कितीही दार वाजवा.

पण मुळात मॉनिटर बिघडला का? तर बिघडला नव्हता, त्याने नकार दिला होता. तो जुना काचेच्या नळीचा मॉनिटर चित्र काढायचा ते ओळीओळीने. इलेक्ट्रॉनचा झोत डावीकडून उजवीकडे एक ओळ ओढणार, मागे येणार, खाली दुसरी ओढणार. ६४० बाय ४८० मध्ये दिसणाऱ्या ओळी ४८०, पण झोताला परत वर जायला लागणारा वेळ धरून एकूण ५२५. अशी सेकंदाला साधारण ६० चित्रं. म्हणजे सेकंदाला साडेएकतीस हजार ओळी, ३१.५ किलोहर्ट्झ. १०२४ बाय ७६८ ला हाच आकडा ४८ च्या आसपास जातो, १२८० बाय १०२४ ला ६४, आणि माझ्या लाडक्या १६०० बाय १२०० ला ७५. त्या काळच्या स्वस्त १५ इंची मॉनिटरची धाव असायची साधारण ५४ पर्यंत. मामाला हे मी नंतर समजावलं तेव्हा तो म्हणाला, म्हणजे तार ओढण्यासारखंच की. पोलादी पट्टीच्या भोकांतून तार टप्प्याटप्प्याने बारीक करत न्यायची असते, जाड तार एकदम बारीक भोकात घातली की तुटणार. अगदी तसंच. फार जुन्या मॉनिटरांत तर भलती फ्रिक्वेन्सी आली की आतले भाग खरोखर जळायची भीती असे. आमचा निदान 'जमणार नाही' असं लिहून दाखवण्याइतका शहाणा होता.

आता प्रश्न असा, की झेपत नव्हतं तर ते १६०० बाय १२०० यादीत आलंच कुठून?

इथे जरा मागे जायला हवं. एप्रिल १९८७ मध्ये आयबीएमने पीएस/२ कॉम्प्युटर आणले, त्यांच्याबरोबर व्हीजीए आलं, आणि व्हीजीएबरोबर ६४० बाय ४८०. पण त्यात रंग फक्त १६. गेमवाल्यांनी उचललं ते दुसरंच: ३२० बाय २००, रंग २५६. कारण निव्वळ वाण्याचा हिशोब. ३२० गुणिले २०० म्हणजे ६४,००० ठिपके, ठिपक्याला एक बाइट, आणि तेव्हाच्या मेमरीच्या एका सेगमेंटमध्ये ६५,५३६ बाइट मावत. बसलं बरोबर! व्हीजीएवर आपण प्रिन्स ऑफ पर्शिया खेळलो तो याच मापात. तेव्हा रिझोल्यूशन बदलायचा प्रश्नच नव्हता, त्यामुळे चुकायचाही नव्हता.

मग सुपर व्हीजीए कार्डं आली, प्रत्येक कंपनीचे मोड वेगळे. १९८९ मध्ये स्थापन झालेल्या व्हेसा या संस्थेने त्यांना एका ओळीत आणलं, आणि गेममध्ये निवड आली. १९९६ चा ड्यूक न्यूकेम थ्रीडी आठवतोय? त्याच्याबरोबर सेटअप नावाचा वेगळा प्रोग्रॅम यायचा. स्क्रीन मोड तिथे निवडायचा, तो ड्यूक३डी.सीएफजी या फाइलीत स्क्रीनविड्थ, स्क्रीनहाइट अशा ओळींत लिहिला जायचा, आणि मग गेम सुरू करायचा. तेव्हा आम्ही याला कटकट म्हणायचो. आता वाटतं, काय शहाणी माणसं होती! सेटअप चालायचा नुसत्या अक्षरांच्या पडद्यावर, आणि तो कुठल्याही मॉनिटरवर दिसायचाच. कडी बाहेर ठेवलेली.

त्याच वर्षी जूनमध्ये क्वेक आला. त्याच्या व्हिडिओ मेनूत एक सोय होती जी माझ्या मते गेमच्या इतिहासात उगाच दुर्लक्षित राहिली: मोड नुसता तपासून बघायचा, पाच सेकंद, मग आपोआप पूर्ववत. १९९९ च्या डिसेंबरात क्वेकचा सोर्स कोड खुला झाला, तो कुणीही उघडून बघावा. आत्ताची वेळ अधिक ५.०, एवढीच ती ओळ. पाच सेकंदांची एक ओळ आमच्याही गेममध्ये असती तर मामाला ती लाल वही काढावी लागली नसती. (बरं, मी फाइल सेव्ह केली असती तरी लागली नसती. मान्य.)

तर ती यादी. १९९५ मध्ये विंडोजवर डायरेक्टएक्स आलं, आणि गेमला ड्रायव्हरला विचारता येऊ लागलं, बाबा रे, कुठले मोड आहेत? ड्रायव्हर सांगणार कार्डाला काय काय जमतं ते. मॉनिटरला काय जमतं ते त्याला कसं कळणार? कितीतरी वर्षं कळतच नव्हतं. केबलीतून चित्र एकाच दिशेने वाहायचं, मॉनिटरचं म्हणणं परत येत नसे. यावर व्हेसाने १९९४ मध्ये उपाय काढला, डीडीसी. व्हीजीएच्या १५ पिनांपैकी १२ आणि १५ नंबरच्या पिनांवरून मॉनिटर १२८ बाइटची आपली कुंडली कॉम्प्युटरला पाठवतो: मी अमुक, माझी धाव इतकी. ती कुंडली पोचली की विंडोज न झेपणारे मोड यादीतून लपवतं. एक्सपीत त्यासाठी एक चौकोनही होता, आणि ती खूण काढलीत तर हार्डवेअर बिघडू शकेल असा दम शेजारी लिहिलेला असे.

म्हणजे आमच्याकडे ही कुंडली पोचतच नव्हती. का, ते कळलं पुढच्या मे महिन्यात. कॉम्प्युटर दुसऱ्या खोलीत हलवताना केबल काढली, तर टोकाच्या तिसऱ्या ओळीतली एक पिन आडवी झोपलेली. कुणीतरी घाईत केबल दाबून बसवली असणार. (पंधरातली नववी पिन बऱ्याच केबलींत मुळातच नसते, तेव्हा ती दिसली नाही तर घाबरू नका.) मी स्क्रू ड्रायव्हर घेऊन पुढे झालो तसं समोरच्या घरातल्या कारागीर काकांनी मला बाजूला केलं. "तू सोड ते. मोडशील." त्यांनी आपला बारीक चिमटा आणला, ज्याने ते दिवसभर कड्या जोडतात तो, आणि दोन सेकंदांत पिन उभी केली. केबल लावली, कॉम्प्युटर सुरू केला. गेममधली यादी १०२४ बाय ७६८ वर येऊन संपली! मेनूच्या बाहेरून केलेली अशी दुरुस्ती मी पुन्हा कधी पाहिली नाही.

पण हे नंतरचं. दिवाळीत आम्ही काय केलं? तर गेम काढून टाकला, पुन्हा टाकला. परत काळा पडदा. परत काढला, परत टाकला. असं तीनदा. (आल्ट-टॅब मारून डेस्कटॉपवर परत येता येतं, एवढा शोध मात्र एव्हाना लागला होता.) सगळं पुसून नव्याने टाकलं तर जुनी चूक राहते कुठे, हेच डोक्यात शिरेना. हे भूत आहे असं मामेभावाचं मत पडलं.

शेवटी मी विंडोजची शोधाशोध उघडली. तो शेपूट हलवणारा कुत्रा आठवतोय ना? तोच. नाव न टाकता नुसतं विचारलं: आज बदललेल्या सगळ्या फाइली दाखव. शे-सव्वाशे निघाल्या. त्यांत एक होती गेमच्या फोल्डरात नसलेली. माय डॉक्युमेंट्समध्ये 'जीटीए व्हाइस सिटी यूझर फाइल्स' नावाचं फोल्डर, त्यात जीटीए_व्हीसी.सेट. गेम काढला तरी हे फोल्डर मागे राहतं, कारण त्यात तुमचे सेव्ह केलेले गेम असतात. नोटपॅडमध्ये उघडली तर नुसत्या विचित्र खुणा, बायनरी. वाचता येईना, बदलता येईना. मग मामेभावाकडे बघितलं, त्याने मान हलवली, आणि आम्ही ती डिलीट केली. गेम सुरू झाला. ६४० बाय ४८०, खडबडीत, सुंदर.

आजही ऑफिसात 'रीइन्स्टॉल करून बघितलं, तरी तेच' असं कुणी म्हणालं की मी पहिल्यांदा आज बदललेल्या फाइली शोधतो.

या बाहेरच्या कड्या प्रत्येकाने वेगळ्या ठेवल्या. क्वेक थ्री (१९९९) ची सगळी निवड क्यू३कॉन्फिग.सीएफजी या साध्या मजकुराच्या फाइलीत. आर_मोड ३ म्हणजे ६४० बाय ४८०, ४ म्हणजे ८०० बाय ६००, ६ म्हणजे १०२४ बाय ७६८. आणि -१ लिहिलंत तर आर_कस्टमविड्थ आणि आर_कस्टमहाइट मध्ये तुमचं माप तुम्ही द्या. १९९९ मध्ये १९२० बाय १०८० चे लॅपटॉप कुणाच्या स्वप्नातही नव्हते, तरी तो गेम आज त्यांवर नीट बसतो, या उणे एकमुळे. काउंटर स्ट्राइकवाल्यांना आठवत असेल, त्याची रुंदी-उंची रजिस्ट्रीत असायची, व्हॉल्व्हच्या हाफ-लाइफ सेटिंग्जमध्ये. किंवा शॉर्टकटच्या शेवटी -डब्ल्यू ८०० -एच ६०० लिहायचं. सायबर कॅफेतली पोरं हे मंत्रासारखं पाठ म्हणायची, अर्थ माहीत असो वा नसो. माझं मत विचाराल तर मजकुराची फाइल सगळ्यांत चांगली. रजिस्ट्री चालेल. बायनरी फाइलीत मात्र पुसण्यापलीकडे काही करता येत नाही, आणि रिझोल्यूशन सुधारताना तुमचा आवाज, माऊस, सगळ्यांचीच निवड जाते.

पुढे सपाट पडदे आले आणि दुखणं उलटं झालं. काचेच्या नळीला सगळे आकडे (झेपतील तेवढे) सारखेच, पण एलसीडीचे ठिपके मोजून बसवलेले. त्यापेक्षा कमी दिलं की पुसट, आणि ४:३ चा गेम १६:९ वर ताणला की टॉमीचा टेंपो होतो. यासाठी चाहत्यांनी एकेका जुन्या गेमचे वाइडस्क्रीन पॅच लिहिले, एज ऑफ एम्पायर्स टू सुद्धा असाच जगला. कंपनीची एचडी आवृत्ती २०१३ मध्ये आली. नव्या गेममध्ये बाहेरची कडी अजून आहे, फक्त दिसत नाही. अनरीलवाल्यांत गेमयूझरसेटिंग्ज.आयएनआय ही फाइल, त्यात रिझोल्यूशनसाइझएक्स आणि वाय. युनिटीचे गेम सुरू होण्याआधी एक छोटी खिडकी यायची, रिझोल्यूशन विचारणारी. ड्यूकच्या सेटअपची नात म्हणा. ती २०१९ मध्ये काढून टाकली. कमांड लाइनवर रुंदी-उंची देता येते अजून, पण हे बारा वर्षांच्या मुलाला कोण सांगणार?

तर तो बारा वर्षांचा फोनवर वाट बघत होता. २००३ चा गेम, सुरू होताना १९८७ चं माप मागतोय, आणि नव्या लॅपटॉपकडे ते गेमला हवं तसं नाही. विंडोज ८ पासून १६ बिट रंगांचे जुने मोड प्रोग्रॅमना सरळ मिळत नाहीत, कंपॅटिबिलिटीतून मागावे लागतात. म्हटलं, गेमच्या फाइलीवर राइट क्लिक, प्रॉपर्टीज, कंपॅटिबिलिटी. तिथे रंग कमी करायचा चौकोन आहे, १६ बिट निवड. आणि खाली हाय डीपीआयचं बटण आहे, तेही बघून ठेव, चित्र कोपऱ्यात गेलं तर लागेल.

जरा वेळ नुसतं क्लिक-क्लिक ऐकू आलं. मग गेमचं संगीत. तेच.

"आलं काका! पर लई बारीक रिझोल्यूशन हाय. सगळ्यात मोठं टाकू काय?"

मी काही बोलायच्या आत मागून मामाचा आवाज आला. ऐंशीला टेकलाय, पण कान शाबूत आहेत.

"त्याला म्हणावं थांब. माझी फाइल उघडी हाय त्यात. आधी सेव्ह कर."